कात्रीचा बाप

रियाधच्या आमच्या ऑफिसात रेनातोला सगळे 'अबू मकस' म्हणत. मकस म्हणजे कात्री आणि अबू म्हणजे बाप. इकडच्या माणसांत थोरल्या मुलाच्या नावानं 'अमक्याचा बाप' अशी हाक मारायची रीत आहे. रेनातोला मूलबाळ नव्हतं, तेव्हा लोकांनी कात्रीवर भागवलं. नावाचा अर्थ मीच त्याला सांगितला. त्याला राग येईल अशी माझी अपेक्षा होती, पण त्यानं गंभीरपणे मान डोलावली आणि विचारलं, "आईचं नाव काय ठरलंय?"

मी त्या ऑफिसात आयटीवाला. आमची कंपनी फिल्म काढते असं मी सांगलीला सांगतो तेव्हा लोक खुर्ची जरा जवळ ओढतात. आमच्या फिल्ममधला हिरो म्हणजे पाइपलाइन आणि हिरॉइन म्हणजे दुसरी पाइपलाइन, हे मी त्यांना सांगत नाही. माझं काम ते सगळं साठवणं. प्रत्येक चित्रीकरणाच्या तीन प्रती, तीन वेगळ्या जागी. मी फिल्म बघत मात्र नाही. ती किती टेराबाईटची आहे एवढं मला पुरतं.

रेनातोची गोष्ट वेगळी होती. एकोणिसाव्या वर्षी तो रोममधल्या एका कटिंग रूममध्ये, म्हणजे चित्रपट संकलनाच्या खोलीत, शिरला आणि पंचेचाळीस वर्षं तिथंच कुठं कुठं बसून राहिला. घोड्यांचे पिक्चर कापले, भुतांचे कापले, नवराबायको एकमेकांवर बशा फेकतात त्या जातीचे तर ढिगानं कापले. शंभरावर झाले असतील. "त्यातले चांगले किती?" असं विचारलं की तो चार बोटं वर करायचा. मग थोडा विचार करून एक बोट मिटायचा आणि म्हणायचा, "ह्याच्यावर माझं नाव नाही." पुढे तिकडचं काम आटलं. नवीन मुलं फोनवरच पिक्चर कापायला लागली. तेवढ्यात सौदीत चित्रपटगृहं उघडली आणि आमच्या मुदीरनी, म्हणजे मॅनेजरसाहेबांनी, त्याला एका भव्य ऐतिहासिक चित्रपटासाठी बोलावून घेतलं. तो आला तेव्हा चित्रपटाचं पोस्टर तयार होतं, ऑफिस सजलं होतं, शुभारंभाचं जेवणही दोनदा झालं होतं. फक्त गोष्ट लिहायची राहिली होती आणि ती शेवटपर्यंत राहिलीच.

माणूस बोलावलाय, इकामा, म्हणजे राहण्याचा परवाना, झालाय, तर रिकामा कशाला ठेवा, या थोर विचारानं त्याला सुरक्षेच्या फिल्मा दिल्या. पहिलीच अबकैककडच्या एका कारखान्याची. कामगारांनी हेल्मेट घालावं, हातमोजे घालावेत, पळू नये. कारखान्याला वीस मिनिटं हवी होती. रेनातोनं चार मिनिटांची करून दिली. त्यांचा अधिकारी तणतणत आला. "हेल्मेट घालण्याचं दृश्य बारा वेळा होतं, तुम्ही एकदाच ठेवलंत?"

"एकदा बघून ज्याला समजत नाही," रेनातो म्हणाला, "त्याचं डोकं वाचवून करायचं काय?"

अधिकाऱ्यानं वीस मिनिटांची फिल्म दुसऱ्याकडून करून घेतली. पण त्या कारखान्यातले आमचे मराठी इंजिनिअर सांगतात की नव्या माणसांना गुपचूप चार मिनिटांचीच दाखवतात.

त्याची कामाची पद्धत जगावेगळी होती. कच्ची फिल्म जुळली की तो ती कुणा सिनेमातल्या माणसाला दाखवत नसे. "त्यांना कळतं," तो तुच्छतेनं म्हणायचा. त्याला न कळणारा माणूस हवा असे, आणि असा माणूस त्याला इब्राहिमभाईंच्या रूपानं सापडला. इब्राहिमभाई आमचे ड्रायव्हर. हर्णैचे. वीस वर्षं रियाधमध्ये गाडी चालवून त्यांनी एकदाही कुणाला ओव्हरटेक करू दिलेलं नाही. रेनातो त्यांना पडद्यासमोर बसवायचा आणि स्वतः पडद्याकडे पाठ करून त्यांच्या तोंडाकडे बघत बसायचा. इब्राहिमभाईंचा डोळा हलला की वहीत खूण, जांभई आली की दोन खुणा.

पहिल्या दिवशी इब्राहिमभाई घाम पुसत माझ्याकडे आले. "साहेब, ह्यो बाप्या माझ्या तोंडाकडं काय बगत बसतो? पिच्चर तिकडं चाललाय. माझ्या तोंडावर लागलाय काय?"

या पद्धतीतून रेनातोनं दोन महिन्यांत एक मोठा शोध लावला. फिल्म कुठलीही असो, बाराव्या मिनिटाला प्रेक्षक चुळबुळतो, खिशात हात घालतो, फोन बघतो. म्हणजे बारावं मिनिट फालतू. मग तो ते निर्दयपणे छाटायचा. राबिघकडच्या, समुद्राचं पाणी गोडं करणाऱ्या एका कारखान्याची फिल्म होती. तिच्यात बाराव्या मिनिटाला गोडं पाणी पहिल्यांदा नळातून येतं. ते गेलं. कारखान्याच्या साहेबांनी संपूर्ण फिल्म शांतपणे पाहिली आणि विचारलं, "छान आहे, पण पाणी कुठाय?" रेनातोनं इब्राहिमभाईंना साक्षीला बोलावलं. ते म्हणाले, "तेव्हा असरची अजान व्हते ना साहेब. तुम्ही रोज तीनलाच बसवता मला. माझा फोन वाजतो."

मी हसलो नाही असं मला म्हणता येणार नाही. पंचेचाळीस वर्षांचा अनुभव घेऊन माणूस दोन महिने घड्याळ कापत होता. दुसऱ्या दिवशी त्यानं नमाजाच्या वेळांचा तक्ता आणून आपल्या पडद्याच्या डोक्यावर चिकटवला आणि कापलेले सगळे तुकडे मुकाट्यानं परत जोडले. चूक कबूल करताना मात्र त्यानं एवढंच सांगितलं की रोममध्ये प्रेक्षक निदान कंटाळून तरी फोन बघतात.

एकदा त्याला घरी जेवायला बोलावलं. वैशालीनं, म्हणजे माझ्या बायकोनं, मसालेभात आणि कोशिंबीर केली होती, आणि तोंडी लावायला तिच्या भावाच्या लग्नाची गोष्ट. त्या लग्नात बँडवाले चुकून शेजारच्या कार्यालयात शिरले आणि भलत्याच नवरदेवाला वाजतगाजत मांडवापर्यंत पोचवून आले. गोष्ट खरोखर चांगली आहे. पण वैशाली ती मुलगी बघायला गेले तिथपासून सांगते. आम्हाला सवय आहे, आम्ही त्या वेळात जेवून घेतो. रेनातोनं साखरपुड्यापर्यंत सहन केलं आणि मग चमचा खाली ठेवला.

"मॅडम, बँडपासून सुरू करा."

वैशालीचा चेहरा पडला. "तुमच्याकडे लग्नं अशी अर्धीच लावतात वाटतं?"

"माझी दोन्ही अर्धीच लागली," रेनातो म्हणाला.

"ही इज राइट, आई," आमचे चिरंजीव ताटातून डोकं न काढता म्हणाले. त्यांना घरात बोलायची वेळ अशीच नेमकी सापडते. वैशालीनं त्या दिवशी दोघांनाही दुसऱ्यांदा भात वाढला नाही. पण पुढच्या भिशीत तिनं गोष्ट सांगितली ती बँडपासून, आणि बायका हसून लोळल्या असं मला तिनंच, जरा नाराजीनं, सांगितलं.

मग नूरा आली. सत्तावीस वर्षांची, हुफूफची, आणि तिच्याजवळ खरोखरचा चित्रपट होता. तिचे आजोबा आणि त्यांची खजुराची बाग. दोन वर्षं तिनं एकटीनं चित्रीकरण केलं. ते संपलं आणि महिन्याभरात आजोबा गेले. मुदीरनी पैसे लावायचं कबूल केलं, कारण भव्य ऐतिहासिक चित्रपट होत नाही हे वर कुणाला तरी सांगायची वेळ आली होती. रेनातोचा करार संपायला चार महिने उरले होते. त्या वयाच्या माणसाला नवा करार कुणी देत नाही. म्हणजे हाच त्याचा शेवटचा चित्रपट हे त्याला माहीत होतं, आम्हालाही होतं.

नूराला त्यानं पहिल्याच दिवशी धडा दिला. "दिग्दर्शक आपल्या दृश्याच्या प्रेमात पडतो. एडिटर म्हणजे मुलीचा बाप. त्यानं आधी नाही म्हणायचं." आणि तो तीन महिने नाही म्हणत राहिला. सूर्योदय गेले, उंट गेले, ड्रोननं घेतलेली बाग गेली. नूरा दोनदा रडली. तिसऱ्यांदा तिनं स्वतःहून एक सूर्यास्त काढून टाकला, तेव्हा रेनातोनं तिला स्वतःच्या डब्यातलं चीज दिलं.

आणि मग हा मुलीचा बाप स्वतःच प्रेमात पडला. तुकडा होता चाळीस सेकंदांचा. नूरा कॅमेरा चालू ठेवून जेवायला गेली होती. आजोबा बंद पडलेल्या पंपाला, आळशी गड्याला झापावं तसे झापत उभे आहेत. मागे घराच्या दारात आजी. चेहरा उघडा, कॅमेऱ्याचा पत्ता नाही, आणि ती नवऱ्याकडे बघून पोट धरून हसते आहे. हे सगळं मी ऐकीव सांगतोय. ऑफिसात तो तुकडा सगळ्यांनी पाहिला, मी पाहिला नव्हता. मी त्याच्या तीन प्रती केल्या होत्या. रेनातो म्हणायचा, "दीड तास एक म्हातारा झाडांभोवती फिरतो. का बघायचं? कारण त्याच्याकडे बघून कुणीतरी असं हसतं. हे काढलं की उरतं ते शेतकी खात्याचं." त्यानं अख्खा चित्रपट त्या चाळीस सेकंदांवर तोलून बसवला होता.

नूराच्या काकांना हे कळलं. सालेहकाका हुफूफमधले प्रतिष्ठित व्यापारी, आणि आईचा उघडा चेहरा मॉलमधल्या थिएटरात लागणार म्हटल्यावर कुठल्याही मुलाला जे वाटेल ते त्यांना वाटलं. ते मुदीरशी पाच मिनिटं बोलले. मुदीर रेनातोकडे येऊन म्हणाले, "तो तुकडा काढ. खलास." नूरानंही मान खाली घालून काढा म्हणून सांगितलं. रेनातो नाही म्हणाला. मुदीरनी त्याला गुरुवारपर्यंत मुदत दिली. नाहीतर दुसरा एडिटर तो तुकडा काढील आणि चित्रपटावर रेनातोचं नावही राहणार नाही.

"त्या बाईंना कुणी विचारलं का?" रेनातो म्हणाला.

कुणीच विचारलं नव्हतं. मुलानं आईच्या वतीनं लाज बाळगली होती, नातीनं आजीच्या वतीनं माघार घेतली होती, आणि मुदीर तर सगळ्यांच्याच वतीनं निर्णय घेत असतात. मी तेव्हा रेनातोचं मनातल्या मनात कौतुक केलं. पण खरं सांगायचं तर तोही विचारायला चालला नव्हता. म्हातारी हो म्हणणार हे त्यानं ठरवूनच टाकलं होतं.

बुधवारी सकाळी निघालो. इब्राहिमभाई गाडीवर, नूरा आणि मी मागे, रेनातो पुढे लॅपटॉप मांडीवर धरून. मला नेलं होतं ते लॅपटॉप ऐन वेळी रुसला तर त्याची समजूत घालायला. साडेतीन तास रेनातो पाठ ताठ करून बसला होता. लग्नाची मागणी घालायला निघालेला माणूस असा बसतो.

सालेहकाकांनी मजलिसमध्ये, म्हणजे पुरुषांच्या बैठकीत, अतिशय अगत्यानं कहवा दिला, खजूर दिले आणि मग तितक्याच अगत्यानं सांगितलं की परका पुरुष आत जाऊ शकणार नाही. आजींचा निरोप आतून आला. नूरानं तो इंग्रजीत सांगितला: "तो म्हातारा, मी म्हातारी. कोण कुणाला बघणार आहे? पाठव त्याला." आईपुढे सालेहकाकांची प्रतिष्ठा तिथंच संपली. नूरा आणि रेनातो आत गेले. आम्ही तिघे पुरुष बाहेर कहवा पीत बसलो आणि एकमेकांची विचारपूस करून दमलो.

भिंतीपलीकडून आवाज आला. एक बाई हसत होती. लॅपटॉपमधलं हसू, मी ओळखलं; ऑफिसात ते येताजाता कानावर पडायचं. ते थांबलं, पुन्हा लागलं. पुन्हा थांबलं, पुन्हा लागलं. पाचव्यांदा की सहाव्यांदा त्याच्यात दुसरं हसू मिसळलं आणि मग कुठलं कुठल्यातलं ते कळेना. सालेहकाकांनी कप खाली ठेवला. आईचं असं हसणं त्यांनी वडील गेल्यापासून ऐकलं नसावं. ते खिडकीबाहेर बघत राहिले, आणि इब्राहिमभाई मला हळूच म्हणाले, "साहेब, आता काय ते काढत न्हाईत."

रेनातो बाहेर आला आणि सरळ गाडीत जाऊन बसला. आत काय झालं ते वाटेत नूरानं सांगितलं.

आजींनी तुकडा सात वेळा पाहिला. मग म्हणाल्या, "काढून टाक." नूरानं विचारलं, चेहऱ्यासाठी का? तर म्हणाल्या, "म्हाताऱ्या चेहऱ्यात काय ठेवलंय? लोकांनी बघितला तर बघू दे. पण बावन्न वर्षं मी त्याच्या पाठीमागे हसले. त्याला कधी कळू दिलं नाही. तो पंपाशी भांडायचा तेव्हा त्याला वाटायचं आपण फार मोठं काम करतोय. आता तो नाही तेव्हा मी गावाला बोलावून दाखवू की हा बघा, ह्याला मी हसत होते?"

नूरा म्हणाली, निदान तुझ्या फोनवर घालून देते. आजी म्हणाल्या, "मला कशाला? मला पाठ आहे. पुसून टाक. कुठंच ठेवू नकोस."

मुलाला चेहऱ्याची काळजी होती, मुदीरना मुलाची, रेनातोला चित्रपटाची. तिच्या नवऱ्याची काळजी आमच्यापैकी एकालाही सुचली नव्हती. मला माझीच लाज वाटली, आणि ती परतीच्या साडेतीन तासांत कमी झाली नाही.

गुरुवारी सकाळी रेनातोनं तुकडा काढला. वीस मिनिटं लागली. मुदीरना वाटलं आपला दरारा कामी आला, त्यांनी सगळ्यांसाठी कुनाफा नावाची मिठाई मागवली. चित्रपट लागला, कौतुक झालं, एका वर्तमानपत्रानं 'नेत्रसुखद पण काहीसा संथ' असं लिहिलं. मी वैशालीला घेऊन गेलो. ती मध्येच म्हणाली, "इथे काहीतरी राहिलंय का रे?" मी म्हणालो, तुला फार कळतं.

तुकडा काढला त्याच दिवशी रेनातो माझ्याकडे आला होता. नूराचं सहीचं पत्र त्याच्या हातात होतं. "तिन्ही पुसायच्या." मी नियमावर बोट ठेवलं. चित्रीकरण आम्ही कधी पुसत नाही. तो म्हणाला, "मीसुद्धा. पंचेचाळीस वर्षं कापत आलो, पण कापलेला तुकडा फेकला नाही. कुठल्यातरी डब्यात ठेवला. एडिटर तुकडे फेकत नाही, बाबा, म्हणून तर त्याचा हात चालतो." मग तो माझ्या शेजारी उभा राहिला आणि तिन्ही प्रती जाईपर्यंत हलला नाही. त्याचे डोळे भरले होते. मी स्क्रीनकडे बघत राहिलो.

त्याला विमानतळावर सोडायला मीच गेलो. सामान ढकलगाडीवर चढवलं, पासपोर्टची रांग लांब होती. तो दोरीपाशी थांबला आणि म्हणाला, "चौथी?"

"कसली चौथी?"

"तू सांगलीचा आहेस," तो म्हणाला. "तुझ्या घरी मी फ्रिजवर किल्ल्यांचे तीन जुडगे पाहिले, आणि एक शेजारी ठेवलाय असं तुझी बायको म्हणाली."

आता काय सांगणार? आम्ही झेरॉक्सवर वाढलेली माणसं. शाळा सोडल्याच्या दाखल्याच्या माझ्याकडे अजून अकरा प्रती आहेत, चौथी काढून न ठेवता तिन्ही प्रती पुसणं मला जन्मात जमलं नसतं. चौथी माझ्या लॅपटॉपमध्ये होती. मी तो त्याच्या बॅगेवर ठेवून उघडला.

"बघितलास?"

"नाही."

"बघ हवं तर. चाळीस सेकंदं. माझी रांग मोठी आहे." आणि त्यानं तोंड फिरवलं.

मला बघायचं होतं. फाईलवर नखाएवढं चित्र दिसत होतं, एक दार, दारात काहीतरी पांढरं. मी ते अंगठ्यानं झाकलं आणि दुसऱ्या हातानं फाईल पुसली. मशीननं विचारलं, नक्की? मी नक्की म्हटलं.

"झालं," मी म्हणालो. त्यानं माझ्याकडे बघितलं, माझे दोन्ही खांदे धरले, आणि ढकलगाडी घेऊन रांगेत शिरला. दोरीच्या अलीकडून मी बघत राहिलो. रांग दोन वळणं पुढे सरकली. तिसऱ्या वळणावर तो एकटाच, कुणाशी बोलत नसताना, हसायला लागला. मागचा माणूस जरा लांब सरकला. तो हसतच होता, एका हातानं पोट धरून. मग त्याचा नंबर आला आणि तो काचेपलीकडे गेला.